‘तर्री’चा न गेलेला अंक

मित्रांनो, तुम्ही मला कधी पाहिले असेल तर शिलाई मशीन समजून पुढे गेला असाल. तुमचा दोष नाही. अंगावर जुन्या लुगड्याची खोळ, खोळीवर रद्दी आणि रद्दीवर शेजाऱ्यांची मांजर, अशा थाटात मी नागपुरात, धंतोलीतल्या एका घराच्या मागच्या व्हरांड्यात उभी आहे. मी सायक्लोस्टाइलची मशीन. वय विचारू नका, एवढेच समजा की मांजर माझ्यापेक्षा पुष्कळ लहान आहे.

माझे काम सोपे होते. मेणाचा एक पातळ कागद असतो, त्याला स्टेन्सिल म्हणतात. त्यावर लोखंडी टोकाच्या लेखणीने लिहिले की अक्षराच्या जागचे मेण निघून जाते. तो कागद माझ्या ढोलावर चढवायचा, पोटात शाई भरायची आणि हँडल फिरवायचे. कोरलेले सगळे कागदावर उतरते. न कोरलेले काहीच उतरत नाही. हे वाक्य जरा लक्षात ठेवा.

नागपूर राजधानी होते तेव्हा सिव्हिल लाइन्समधल्या एका कचेरीत माझी नेमणूक झाली. तिथे मी परिपत्रके छापली. परिपत्रकांचे पालन होत नाही, असे एक परिपत्रक छापले. त्याचेही पालन होत नाही म्हणून दुसरे छापले. सुखाचे दिवस होते. मग एके दिवशी राजधानीच गेली. काही फायली भोपाळला गेल्या, काही मुंबईला. खुर्च्यांवरून भांडणे झाली, पंख्यांवरून पत्रव्यवहार झाला. मला मात्र कोणीच मागितले नाही. कोठीघरात मी बरीच वर्षे काढली आणि शेवटी लिलावात निघाले.

लिलावाला शरच्चंद्र नावाचे एक कारकून आले होते. हिशेबाच्या कचेरीत नोकरी, डोळ्यांवर जाड चष्मा, खिशात लाल पेन्सिल. ते घरासाठी टेबल घ्यायला आले आणि मला सायकलरिक्षात घालून घेऊन गेले.

दारात त्यांच्या बायकोने, चारुशीलाबाईंनी विचारले, “अहो, टेबल आणायला गेला होतात ना?”

“टेबलाचीच सोय करून राहिलो,” शरच्चंद्र म्हणाले. “हिला ठेवायला आता लागेलच. शेजारच्यांचं मागतो.”

बाईंनी मला वरपासून खालपर्यंत पाहिले, पदराने माझ्या कपाळावरची धूळ पुसली आणि म्हणाल्या, “रिकामी बसलेली दिसते बिचारी. काहीतरी काम द्या तिला.”

ते काम म्हणजे ‘तर्री’.

इथल्या बर्डीच्या बाजारात पोह्यांच्या ठेल्यावर गेलात तर पोह्यांवर चण्याचा लालभडक रस्सा ओततात, तीच तर्री. शरच्चंद्रांचे म्हणणे असे, की पुण्या-मुंबईची वाङ्मयीन मासिके म्हणजे नुसते पोहे. पिवळे, मऊ आणि वर खोबरे. आपण तर्री काढायची. ना जाहिरात, ना वर्गणीदारांची भीड, ना कुण्या मंडळाचा अध्यक्ष. कविता, एखादी गोष्ट आणि पुस्तकांची परीक्षणे. अंक तयार झाला की निघाला, नाही झाला की नाही निघाला. संपादक शरच्चंद्र, स्टेन्सिल कोरणार चारुशीलाबाई. हँडल फिरवायला जागेश्वर.

या जागेश्वरची गोष्ट सांगायची म्हणून मी एवढी लांबून चालत आले.

जागेश्वर पाचपावलीकडच्या कोष्टी वस्तीतला. बापाच्या हातमागावर नऊवारी लुगडी विणायचा. पुढे मागाचे दिवस गेले, तेव्हा तो कोराडीच्या कोळशावर चालणाऱ्या वीजकेंद्रात कामाला लागला. दर रविवारी बसने यायचा. केसांत राख, पायांत राख. व्हरांड्यातल्या नळावर हातपाय धुवायचा, कंबरेला गमछा बांधायचा आणि माझ्या पाठीवर थाप मारून म्हणायचा, “चाल वं माय. जमाना वाट पाहून राहिला.”

जमाना म्हणजे बर्डीवरचा एक पुस्तकवाला आणि गावोगावचे काही चष्मेवाले. पण तो म्हणायचा तेव्हा मला खरे वाटायचे.

कचेरीत माझे हँडल फिरवणारे पुष्कळ होते, पण सारे झोपेत फिरवायचे. जागेश्वर फिरवायचा तो मागाच्या ठेक्यावर, आणि फिरवता फिरवता बोलायचा. शरच्चंद्र आत हस्तलिखिते वाचत, बाई चहाचे पाहत. तो बोलायचा माझ्याशी. “पाह्य वं माय, कोराडीची राख सकाळी वाळत घातलेल्या लुगड्यावर बसते. बायको झटकते. म्हणते, तुमची ड्युटी संपली तरी हे घरी येऊनच राहिली.” कधी बापाच्या मागाचे सांगायचा. मागावर लाकडी धोटा आडवा धागा घेऊन इकडून तिकडे पळत असतो, त्याच्यावर त्याने एकदा जागच्या जागी ओळी केल्या:

रातभर धोटा पयत राह्यला
इकून तिकून, तिकून इकून
सकाळी म्हणे, पाणी द्या वं.

या कविता आहेत, हे आतून ऐकून त्याला शरच्चंद्रांनी सांगितले. मित्रांनो, हे त्यांचे मोठेच उपकार. आणि मग त्यांनी लाल पेन्सिल काढली.

“धोटा नागपूरबाहेर कोणाला कळणार, जागेश्वर?” ते मायेने म्हणाले. “पाखरू करू. ‘रात्रभर पाखरू उडत राहिले.’ आणि हे ‘पाणी द्या वं’ जरा घरगुती वाटतं. ‘पहाटे त्याला तहान उमगली.’ कसं?”

“चांगलं वाटते भाऊ,” जागेश्वर म्हणाला. “पण पाखरू रातचं काहून उडन?”

“कवितेत उडतं.”

“बरं.”

पाखरू ‘तर्री’त उडाले. लोकांनी वाहवा केली. पुढच्या वेळी राखेचे धुके झाले, लुगड्याचे क्षितिज झाले. जागेश्वर शिकाऊ होता आणि शरच्चंद्रांवर त्याचा देवावर नसेल एवढा विश्वास. पुढेपुढे तर लाल पेन्सिल लागेनाशीच झाली. तो घरूनच पाखरू घेऊन यायचा.

आता ‘तर्री’चा नियम सांगते. सारा घोळ त्याचाच आहे.

शरच्चंद्रांनी हेरले होते, की परीक्षण करणारे पुस्तक वाचतच नाहीत, नाव वाचतात. लेखक प्राध्यापक असला की पुस्तक ‘सखोल’, साहेब असला की ‘आश्वासक’, आणि साहेबाची बायको असली की ‘विलक्षण संवेदनशील’. म्हणून नियम असा, की ‘तर्री’कडे आलेल्या प्रत्येक पुस्तकाचे कव्हर आणि नावाचे पान चारुशीलाबाईंनी विळीवर कापून काढायचे आणि बिस्किटांच्या डब्यात ठेवायचे. परीक्षण करणाऱ्याच्या हाती जायचे ते निनावी, बिनकपड्यांचे पुस्तक. अंक छापून झाला की रविवारी संध्याकाळी डबा उघडायचा, कणकेच्या खळीने कव्हरे परत डकवायची आणि कोणाचे पुस्तक होते ते सगळ्यांनी एकदम पाहायचे. याला ते ‘बारसं’ म्हणत. बारसे झाले की बाई शेवटच्या पानाची स्टेन्सिल कोरत, पुस्तकांच्या आणि लेखकांच्या नावांची. ते पान छापले की अंक पुरा.

बारशाला फार मजा यायची. एकदा एका गृहस्थाने एक कादंबरी डोक्यावर घेतली आणि ती निघाली त्याच्या मेव्हण्याची, ज्याच्याशी शेताच्या बांधावरून त्याचे कोर्टात भांडण चालू होते. एकदा शरच्चंद्रांनी स्वतः एका प्रवासवर्णनाची सालटी काढली. ते त्यांच्याच कचेरीतल्या वरिष्ठांचे निघाले. त्यांची बदली जुन्या दप्तरांच्या खोलीत झाली. तिथे वाचायला भरपूर वेळ मिळतो, असे ते सांगत.

जागेश्वर अशा वेळी पोट धरून हसायचा. हाताला खळ, नाकाला शाई. “नावाचं पान काढलं का माणूस कसा उघडा पडते पाहा भाऊ!”

मग जागेश्वरचे स्वतःचे पुस्तक आले. नाव होते ‘निळ्या वाटेचे आर्जव’. सगळ्या कविता नव्या, शरच्चंद्रांनी न पाहिलेल्या; ते त्याने त्यांना न सांगता बाहेर छापून घेतले होते. एका रविवारी ते बाहेर गेलेले पाहून तो आला आणि त्याने प्रत बाईंच्या हाती दिली.

“वहिनी, हे परीक्षणाच्या ढिगात टाका.”

बाईंना आनंद झाला, आणि मग त्या घाबरल्या. “अरे, हे असं ढिगात कशाला? त्यांच्या हातात दे ना. किंवा दुसऱ्या कुठल्या मासिकाला धाड. आपल्याकडचा नियम तुला ठाऊक आहे.”

“नियम हाये म्हणूनच त देऊन राहिलो,” जागेश्वर म्हणाला. “हातात देईन त भाऊ मायेनं लिहीन. मले तसं नाई पायजे.”

“आणि दुसऱ्याच कोणाकडे वाचायला गेलं तर?”

“कवितेचे ढीग भाऊच वाचते.” तो हसला. “वहिनी, एवढ्या वर्षांची संगत हाये. पान फाडलं म्हणून का झालं? भाऊ दोन ओळीत वळखते का नाई, तुमी पाहाच. अन् माही शप्पथ हाये, सांगसान नको.”

बाईंनी त्याच्यासमोरच विळी घेतली. कव्हर कापताना त्याने डोळे मिटले. लहान मुलाचे जावळ काढताना बाप मिटतो तसे.

शरच्चंद्रांनी ते पुस्तक वाचले. मग लाल पेन्सिल खाली ठेवून शाईचे पेन घेतले, आणि मला कळले, की आज कोणाची तरी धडगत नाही. परीक्षणाला मथळा दिला: ‘गुळगुळीत’.

दुसऱ्या दिवशी बाई स्टेन्सिल कोरायला बसल्या. निम्म्यावर थांबल्या.

“अहो, हे एकदा परत वाचता का?”

“काहून? काही चुकलं?”

“लेखाचं नाही म्हणत. पुस्तक परत वाचता का?”

“अगं, एकदा वाचलं तेच पुष्कळ झालं,” म्हणून शरच्चंद्र स्वतःच हसले. “कोणाची भीड आली का तुला? डब्यात डोकावायचं नाही, असं तूच म्हणतेस ना?”

बाईंना शपथ होती, आणि त्यांच्या घराण्यात शपथ मोडायची पद्धत नव्हती. त्यांनी लेखणी उचलली. त्या दिवशी हात इतका जड होता, की ‘व’ आणि ‘ब’ यांच्या पोटातले मेण गळून पडले. छापताना तिथे काळे ठिपके आले.

रविवारी जागेश्वर आला. नवा सदरा घातला होता. नळावर हातपाय धुतले, सदऱ्याला शाई लागू नये म्हणून तो काढून खुंटीला लावला, गमछा बांधला. “चाल वं माय.” पहिला कागद निघाला. पहिला कागद मोठ्याने वाचून दाखवायचा, ही त्याची नेहमीची पद्धत. शरच्चंद्र समोर वेताच्या मोड्यावर बसून ऐकायचे. बाई आत चहा करत होत्या.

“‘गुळगुळीत,’” जागेश्वरने वाचले. “‘या कवीच्या कवितेत दोष काढायला जागा नाही, आणि हाच तिचा दोष आहे. प्रत्येक शब्द कोणीतरी घासून, पुसून, इस्त्री करून ठेवला आहे. इथे पाखरे आहेत, पण त्यांनी कधी दाणा टिपलेला नाही. क्षितिजे आहेत, पण त्यांच्याखाली कोणाचेही घर नाही.’”

“पाखरांचं बरं जमलं ना?” शरच्चंद्र म्हणाले.

“जमलं भाऊ.” तो पुढे वाचू लागला. “‘हा कवी राहतो कोठे, खातो काय, त्याची आई त्याला कोणत्या नावाने हाक मारते, यांतले काही कळत नाही. उदाहरणार्थ या ओळी पाहा...’”

खाली ओळी होत्या. त्या त्याने वाचल्या नाहीत. आत कपबशांचा आवाज थांबला.

“भाऊ,” जागेश्वर म्हणाला, “हे कोनाचं पुस्तक हाये, खरंच नाई समजलं तुमाले?”

“समजलं तर नियमाचा फायदा काय? पण माझा अंदाज, कोणीतरी पुण्याचा प्राध्यापक असावा. वाचलेलं पुष्कळ, जगलेलं शून्य.”

“प्राध्यापक,” जागेश्वर म्हणाला. “वा. बरं झालं.”

आणि त्याने हँडल धरले.

मित्रांनो, मशीनला मन नसते, असे तुम्हाला शाळेत शिकवले असेल. मी त्या दिवशी अडून पाहिले. कागद चावले, घड्या घातल्या, शाई ओकली. दर वेळी जागेश्वर थांबला. चुरगळलेला कागद हळूच काढला, रोलर पुसला, मला तेल दिले. “आज काहून रुसून राहिली वं?” तो अगदी हळू म्हणाला. “चाल. खरं हाये ते छापा लागते.” त्या दिवशी तो यापलीकडे माझ्याशी काही बोलला नाही. त्याने साऱ्या प्रती काढल्या. एकही फिकी नाही, एकही तिरपी नाही. त्याच्या हातची इतकी स्वच्छ छपाई माझ्यावर कधी झाली नव्हती.

मग घासलेट घेऊन हात धुतले आणि ओल्या अंगावरच सदरा चढवला.

“अरे, बारसं बाकी आहे!” शरच्चंद्र म्हणाले. “खळ तयार आहे. शेवटचं पान कोण छापणार?”

“बस चुकन भाऊ. बारसं तुमीच करा,” तो पायऱ्या उतरता उतरता म्हणाला. “पोरगं तुमचंच हाये.”

शरच्चंद्रांना ही गंमत वाटली. हसतच ते परत मोड्यावर येऊन बसले. बाईंनी डबा त्यांच्यासमोर ठेवला. उघडला नाही, नुसता ठेवला. त्यांनी एकेक कव्हर काढले आणि एका कव्हरावर त्यांचे हसू थांबले. चष्मा काढला, पुसला, परत लावला. अक्षरे तीच होती.

“तुला ठाऊक होतं?”

“मीच कापलं ते.”

“मग मला...”

“त्याने शप्पथ घातली होती. म्हणाला, भाऊ दोन ओळीत ओळखतात.”

मग शरच्चंद्र लहान मुलासारखे म्हणाले, “कसं ओळखणार ग? त्याच्यासारखं एक अक्षर नाही त्यात.”

बाईंचा आवाज मी कधी चढलेला ऐकला नव्हता, तेव्हाही चढला नाही. “कसं असेल? त्याच्यासारखं जे जे होतं, ते तुम्हीच नाही का काढलंत?”

दुसऱ्या दिवशी शरच्चंद्रांनी रजा टाकली आणि कोराडीची बस धरली. परत आले तेव्हा त्यांच्या चपला राखेने भरल्या होत्या. व्हरांड्यातच बसून त्यांनी बाईंना सगळे सांगितले, म्हणून मला कळले. जागेश्वर रागावला नव्हता. त्याने चहा पाजला. “अंक टाकला का पोस्टात?” असे विचारले. नाही म्हटल्यावर म्हणाला, “काहून? माह्यासाठी नियम मोडसान त आतापर्यंतचे समदे खोटे ठरन.”

शरच्चंद्र म्हणाले, “तू परत लिही रे. तुझ्यासारखं लिही. धोटा राहू दे, राख राहू दे. एक अक्षर बदलणार नाही.”

जागेश्वर खिडकीबाहेर वीजकेंद्राच्या धुराड्याकडे पाहत राहिला. मग म्हणाला, “पैलं आपसूक यायचं भाऊ. आता मनात काही आलं का त्याच्या पैले तुमची पेन्सिल येते. मले मीच नाई सापडून राहिलो.”

तो फिरून आला नाही. दिवाळीला चिवड्याचा डबा कोणाच्या तरी हाती यायचा, पण तो आला नाही. आणि कोठे काही लिहिलेलेही दिसले नाही.

अंक पोस्टात गेला नाही. शरच्चंद्रांना तो पाठवता येईना आणि फाडताही येईना. शेवटच्या पानाची, नावांची स्टेन्सिल बाईंनी कोरलीच नाही. गावोगावच्या चष्मेवाल्यांनी काही दिवस पत्रे पाठवली, मग तेही थांबले. ‘तर्री’ बंद पडली. लोक म्हणाले, संपादकांना कोणीतरी दम दिला असणार. नागपुरात एवढ्या सरळ कारणाने काही बंद पडते, यावर कोणाचा विश्वास बसत नाही.

पुढे बर्डीवर झेरॉक्सची दुकाने निघाली. काच, उजेड, चटकन कागद बाहेर. माझ्या ढोलावरची शाई सुकून पापडी झाली, रोलरचे रबर तडकले. बाईंनी आपल्या एका लुगड्याची खोळ शिवून मला घातली. जागेश्वरच्या बापाच्या मागावरचे लुगडे होते ते. टेबलाचा एक पाय आखूड झाला, तेव्हा त्याखाली न गेलेल्या अंकांचा गठ्ठा गेला. अजून मी त्याच अंकांवर उभी आहे.

मित्रांनो, जुन्या मशीनने शेवटी काहीतरी मागायची रीत आहे. मी तेल मागत नाही. झाले ते पुष्कळ झाले. एवढेच सांगते, की तुमच्या वर्गात कोणी वेगळ्या बोलीत बोलला, घरचाच शब्द कवितेत घेऊन आला, तर लगेच पेन्सिल काढू नका. आधी पुरते ऐका. दुरुस्त करायला आयुष्य पडले आहे, आणि दुरुस्त केलेले परत बिघडवता येत नाही, हे मी मशीन असून सांगते.

शरच्चंद्र आता निवृत्त झाले आहेत. दुपारी मांजरीला उठवतात, रद्दी खाली ठेवतात आणि खोळ बाजूला सारून माझे हँडल हळूहळू फिरवतात. शाई नाही, स्टेन्सिल नाही, कागदही नाही. परवा त्यांनी बाईंना विचारले, “तो धोट्याचं काहीतरी म्हणायचा बघ. पाखरू करायच्या आधी. काय होतं ग ते?”

बाई पुष्कळ आठवत बसल्या. त्यांनी ते कधी कोरलेच नव्हते.

मला पाठ आहे. तडकलेले रोलर एकमेकांवर घासत मी इकून तिकून, तिकून इकून कुरकुरत राहते. ते म्हणतात, हिला तेल द्यायला पाहिजे.